जेमतेम दिसेल इतपत

ज्या माणसाने आधुनिक कवितेतील काळोखाच्या रूपांवर प्रबंध लिहिला, त्याच्यावर पोटासाठी उजेडाची व्यवस्था लावण्याची पाळी यावी, यात नियतीचा काही हेतू असलाच तर तो विनोदी असणार. मुलाखतीत प्रकल्पप्रमुख बाईंनी प्रबंधाचे शीर्षक वाचले, काळोख या शब्दावर बोट ठेवले आणि म्हणाल्या, "आमचा गेमही काळोखाचाच आहे. सोमवारपासून या." प्रबंध आतून उघडण्याची वेळ आली नाही. विद्यापीठातही ती कुणावर आली नव्हती.

गेमचे नाव 'पाताळवाट'. एक बंद पडलेली खाण, खेळणाऱ्याच्या हातात एक कंदील, आणि कंदिलाच्या उजेडापलीकडे त्याला खाण्यासाठी ताटकळलेले जीव. आपण त्या खाणीतल्या मृत कामगारांची स्वगते लिहिणार, अशी त्याची समजूत होती. काही स्वगते तर त्याने घरूनच लिहून आणली होती. पण 'पाताळवाटे'तले मृत लोक बोलत नसत, नुसते हुंकारत, आणि हुंकाराला भाषांतर लागत नाही. मराठीत आणण्यासारखे एकच पान उरले होते: पडद्याचे रंग आणि उजेड जुळवण्याचे, म्हणजे सेटिंगचे. ते त्याच्या पुढ्यात आले.

त्याची खुर्ची प्रिंटर आणि पाण्याचे यंत्र यांच्या मधोमध होती. मॉनिटरचे रंग खरे दिसावेत म्हणून खिडक्यांना काळे कागद लावलेले असत. 'दिव्याखाली अंधार' ही म्हण तिथे कार्यालयीन शिस्त म्हणून पाळली जाई. सहकारी त्याला कविराज म्हणत, ज्या सुरात काडीपैलवानाला पैलवान म्हणतात त्या सुरात. त्याने तो सूर ऐकला नाही. शब्द तेवढा ऐकला आणि ठेवून घेतला.

पहिले काही दिवस त्याने त्या पानाकडे मान वळवून पाहिले नाही. मग एका सकाळी त्याच्या मनात आले की आजवर कोणत्याही कवीने सेटिंगच्या पानाला हात घातलेला नाही, आणि तिथून घोडे चौखूर उधळले. ब्राइटनेसला तो 'प्रभा' म्हणाला. कॉन्ट्रास्टला 'विरोध'. सॅच्युरेशनला 'संपृक्तता', शार्पनेसला 'धार', आणि समोरचे दृश्य किती रुंद दिसावे हे ठरवणाऱ्या स्लायडरला, बराच काळ छताकडे पाहून झाल्यावर, 'दृष्टिकोन'.

हे शब्द पडद्यावर चढवण्याचे काम शेजारच्या प्रोग्रामरकडे होते. त्याने ते एकदा वाचले, खुर्ची मागे घेतली आणि पुन्हा वाचले.

"म्हणजे खेळणाऱ्याने आधी विरोध कमी करायचा," तो म्हणाला, "मग धार जरा बोथट करायची, आणि दृष्टिकोन रुंद ठेवायचा. कविराज, हा गेम आहे की संसार?"

"शब्दाला अनेक अर्थ असणं हा दोष नाही."

"नाही ना. पण बटणाला एकच असतो."

खरी तारांबळ उडाली ती पुढच्या ओळीत. लाल आणि हिरवा ज्यांना वेगळा ओळखता येत नाही अशा खेळाडूंसाठी रंगांमधला फरक ठळक करणारी एक सोय होती. वर्ण म्हणजे रंग, भेद म्हणजे फरक. त्याने अत्यंत निर्मळ मनाने 'वर्णभेद' असे लिहिले, आणि त्यापुढे नियमाप्रमाणे दोन बटणे उगवली: 'चालू' आणि 'बंद'.

"हे चालू ठेवणारा माणूस," प्रोग्रामर म्हणाला, "थेट निवडणुकीला उभा राहील."

तिथे 'रंग ओळखायला मदत' असे आले. कविराजाने तो पराभव दुखवटा पाळावा तसा पाळला आणि उरलेली सगळी ताकद एका वाक्यावर लावली.

ते वाक्य पानाच्या मध्यावर होते. काळ्या चौकोनात खाणीच्या मजुरांच्या कुदळीचे एक चिन्ह, आणि त्याखाली खेळणाऱ्याला सूचना: उजेड किती ठेवायचा. फार ठेवला तर भीती उरत नाही, फार कमी ठेवला तर गेम उरत नाही. चिन्ह दिसते-न-दिसतेशा टोकावर स्लायडर थांबवायचा, इतकाच मामला. पण इतकाच मामला इतक्यात आटोपेल तर तो कवी कसला. त्याने ते वाक्य घडवले, मोडले, पुन्हा घडवले. शेवटी जे उरले ते त्याने न्याहारीच्या टेबलावर बायकोला म्हणून दाखवले:

"चिन्ह अदृश्यतेच्या उंबरठ्यावर उभे राहील, इतकीच प्रभा असू द्यावी."

बायको दातांच्या प्रयोगशाळेत कृत्रिम दातांच्या छटा जुळवण्याचे काम करी. पांढऱ्या रंगाच्या इतक्या जाती तिला पाठ होत्या की कविराजाच्या दृष्टीने ती घरातली एकमेव समीक्षक होती.

"छान आहे," ती म्हणाली. "करायचं काय असतं त्यात?"

"करायचं म्हणजे?"

"म्हणजे वाचून झाल्यावर. बोट कुठे न्यायचं?"

"बोट आपोआप जातं. वाक्याच्या लयीनं."

"आमच्याकडे छटा शेजारच्या दाताशी ताडून बघतात. लयीनं बसवले दात, तर माणूस हसायचा बंद होईल."

त्याने हा अभिप्राय 'प्रयोगशाळेची मर्यादा' या सदरात टाकून दिला.

प्रकल्पप्रमुख बाईंना कार्यालयात तारीखबाई म्हणत, कारण त्यांच्या प्रत्येक वाक्याच्या शेवटी एक तारीख असे. त्यांनी जाहीर केले की अमुक तारखेला मजकूर गोठेल. मजकूर गोठणे म्हणजे त्यानंतर पानावरचा एक शब्दही हलवता न येणे. त्याआधी एक चाचणी होणार होती: बाहेरची पाच माणसे बोलवायची, त्यांनी कुणाच्याही मदतीविना पडदा जुळवून दाखवायचा.

"अडली माणसं, तर मराठी काढून टाकू," तारीखबाई म्हणाल्या. "नुसती चित्रं ठेवू. चित्रं कुणालाही कळतात." आणि त्यांनी प्रिंटर व पाण्याचे यंत्र यांच्यामधल्या जागेकडे असे पाहिले, जणू तिथे एखादे कपाट किती छान बसेल याचा अंदाज घेत आहेत.

चाचणीच्या दिवशी पाचवा माणूस ऐन वेळी आजारी पडला. कविराजाने घरी फोन लावला. बायको म्हणाली, "आईला पाठवते. घरीच आहे." अशा रीतीने त्याच्या सासूबाई दोन चष्मे आणि एक छत्री घेऊन दाखल झाल्या.

सासूबाईंची उभी हयात औषधांच्या दुकानात गेली होती. बाटलीवरचे वाक्य अर्धे वाचून सोडणे हा त्यांच्या लेखी गुन्हा होता. 'हलवून घ्यावे' म्हणजे आधी बाटली हलवावी, स्वतः हलू नये, हे त्यांनी कित्येक गिऱ्हाइकांना समजावून सांगितले होते. निवृत्तीनंतरही शेजारपाजारची माणसे गोळ्यांची पाकिटे घेऊन त्यांच्याकडे येत, आणि सासूबाई पाकिटाची मागची बाजूसुद्धा मोठ्याने वाचून दाखवत.

"जावईबापू, तुम्हीच लिहिलंय म्हणता," त्या म्हणाल्या. "मग सोपंच असेल की."

चाचणीच्या खोलीला एका बाजूने काच होती. काचेआड कविराज, प्रोग्रामर आणि तारीखबाई. बोलायचे नाही, खुणा करायच्या नाहीत, असा नियम. शेजारच्या छोट्या पडद्यावर एक तांबडा ठिपका फिरत असे. खेळणाऱ्याची नजर जिथे जाईल तिथे तो जाई.

पहिल्या चार जणांना मिळून चहा निवायला लागतो तेवढाही वेळ लागला नाही. आले, बसले, स्लायडर इकडून तिकडे फिरवला, चिन्ह पुसट झाले तिथे सोडला, पुढे गेले. कविराजाची छाती प्रत्येक माणसागणिक फुगत होती.

"बघितलंत?" तो कुजबुजला. "वाक्य पोचतंय."

"ठिपका बघ," प्रोग्रामर म्हणाला.

चौघांपैकी एकाचाही ठिपका वाक्याकडे फिरकला नव्हता. वाटेतल्या दगडाला वळसा घालून पाणी जावे, तशा चार नजरा त्याच्या वाक्याला वळसा घालून गेल्या होत्या. विद्यापीठातील प्राध्यापकांची त्याला उगाच आठवण झाली.

मग सासूबाई बसल्या. त्यांनी जवळचा चष्मा लावला, मान थोडी मागे नेली, आणि तांबडा ठिपका वाक्याच्या पहिल्या अक्षरावर येऊन टेकला. तिथून तो पुढे सरकू लागला. एकेक शब्द. जोडाक्षरापाशी त्याची चाल मंदावली. स्वल्पविरामापाशी तो चक्क थांबला. वाक्य संपल्यावर परत आरंभाशी आला आणि पुन्हा निघाला. काचेआड कविराज पुढे सरकला. त्याच्या कविता दोन मासिकांनी छापल्या होत्या आणि अनेकांनी वाखाणल्या होत्या. पण आपण वाचले जात आहोत हे त्याने डोळ्यांनी कधी पाहिले नव्हते. जन्मभर ज्या वाचकाची वाट पाहिली ती ही, सुती पातळात, मांडीवर छत्री आडवी ठेवून बसलेली.

मनात येईल ते मोठ्याने बोलत राहायचे, असे प्रत्येकाला सांगितलेले होते. सासूबाईंना ते वेगळे सांगावे लागले नसते.

"चिन्ह उंबरठ्यावर उभं राहील," त्या म्हणाल्या. "बरं. चिन्ह दिसतंय. उभंही आहे. उंबरठा कुठाय?"

त्या पडद्याकडे वाकल्या.

"दाराचं काहीतरी चित्र असणार. अंधारात दिसत नसेल. प्रभा म्हणजे उजेडच की. वाढवते." पडदा फटफटीत झाला. "आता सगळं दिसतंय. दार नाही. मग कमी करू." पडदा काळाठिक्कर पडला. "आता चिन्हही गेलं. म्हणजे उंबरठा ओलांडून आत गेलं वाटतं."

प्रोग्रामरने तोंडावर हात धरला.

"हे काय, विरोध. माझा बाई कशाला विरोध नाही." तो स्लायडर शून्यावर गेला आणि खाण राखेसारखी करडी झाली. सासूबाईंनी सगळे पुन्हा जागेवर आणले. चष्मा काढला, पदराने पुसला. दुसरा लावला. ठिपका पुन्हा वाक्यावरून चालत गेला, शब्द न चुकता, आणि शेवटी काळ्या चौकोनात येऊन कोपरे धुंडाळू लागला. खालचा, डावा, वरचा, उजवा. दार शोधत.

मग त्यांनी हात मांडीवर घेतले.

"मला नाही जमत," त्या हळूच म्हणाल्या. "बाकीच्यांना दिसला असेल. डोळे गेले माझे."

एक शब्द बोलता आला असता. काचेवर टकटक करता आली असती. पण नियम म्हणजे नियम, आणि शाळेपासून एकही नियम न पाळलेल्या कविराजाने तो अत्यंत निष्ठेने पाळला.

बाहेर रस्त्यावर आल्यावर त्याने प्रयत्न केला, नाही असे नाही. "आई, डोळ्यांचं काही नाही. वाक्य जरा अवघड होतं."

"वाक्य फार सुंदर होतं," सासूबाई म्हणाल्या. "शब्दन् शब्द कळला. फक्त दिसलं नाही."

यावर प्रामाणिक माणसाने काय बोलावे हे उघड आहे. कविराज म्हणाला, "म्हणजे आवडलं तुम्हाला?"

तारीखबाईंचा निकाल दुसऱ्या दिवशी लागला. चार जण पास, पाचव्या बाईंचे वय झालेले. मराठी राहील, पान राहील, खुर्ची राहील. ठरल्या तारखेला मजकूर गोठला. कविराजाने गोठलेले वाक्य पुन्हा एकदा वाचले आणि त्याला ते जरा थंड वाटले.

घरी मात्र निराळेच गोठत चालले होते. सासूबाईंनी फोनवरचा पत्त्यांचा डाव बंद केला. वर्तमानपत्र घडी न मोडता रद्दीत जाऊ लागले. बायको त्यांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे घेऊन गेली. डॉक्टर म्हणाला, नंबरसुद्धा बदललेला नाही. सासूबाई म्हणाल्या, डॉक्टर पोरगेलासा आहे, त्याला अजून वाईट बातमी सांगायची सवय नाही.

"काल वरच्या मजल्यावरचे काका गोळ्या घेऊन आले होते," बायको म्हणाली. ती चिमट्यात एक दात धरून खिडकीपाशी तपासत होती. "आई म्हणाली, दुसऱ्या कुणाकडून वाचून घ्या, मी चुकीचं सांगेन. त्यांना दारातूनच परत पाठवलं."

"मी सांगितलं होतं त्यांना, वाक्य अवघड आहे म्हणून."

"कधी?"

"त्याच दिवशी."

"आणि ती म्हणाली सुंदर आहे, आणि तू गप्प बसलास." तिने दात खाली ठेवला. "तुझ्या आयुष्यात एकाच माणसानं तुझं लिहिलेलं धड वाचलं रे. तिला तू आंधळं करून ठेवलंस."

आता सांगून उपयोग नव्हता. सांगणे समजूत काढल्यासारखे झाले असते, आणि समजूत सासूबाई बाटलीवरच्या मुदतीइतकीच बारकाईने तपासत. एकच पुरावा चालला असता: त्याच पानावर, त्याच काळ्या चौकोनात, त्यांच्या हातून पडदा जुळणे. त्यासाठी वाक्य बदलायला हवे होते. आणि वाक्य गोठलेले होते.

तो तारीखबाईंकडे गेला.

"गोठलेलं उघडता येतं," त्या म्हणाल्या. "पण दोष कुणाचा ते बैठकीत सांगावं लागतं. यंत्राचा, खेळणाऱ्याचा की मजकुराचा. यंत्र तपासून झालंय. खेळणाऱ्याचा आपण आधीच लावलाय."

"मजकुराचा."

"विचार करा. तुमच्या कराराची तारीख जवळ आलीय. चाललेलं काम स्वतःच बुडवणाऱ्याचा करार वाढवा असं मी वर कसं सांगू?"

कविराजाने विचार केला. त्याला त्या वाक्यातला उंबरठा फार प्रिय होता. 'अदृश्यतेच्या' हा शब्द उच्चारताना जीभ जी हलकीशी पावले टाकते, ती तर त्याहून प्रिय. पण विचार करताना त्याला सारखा तो तांबडा ठिपका दिसत राहिला, चौकोनाचे कोपरे एकामागून एक धुंडाळणारा. आणि अशा वेळी जिभेची पावले कोणत्या तालावर पडतात याकडे लक्ष राहत नाही.

बैठकीत सगळे होते. तो उभा राहिला. परिसंवादांत ज्या माणसाने घड्याळाचा काटा कधी जुमानला नव्हता, त्याने आयुष्यातले सर्वांत छोटे भाषण केले.

"वाक्य माझं आहे आणि ते कळत नाही."

"त्यालाच आधुनिक म्हणतात ना?" प्रोग्रामर म्हणाला, आणि टेबल हसले. कविराजही हसला, जरा उशिरा.

नवे वाक्य लिहायला त्याला मुळीच वेळ लागला नाही, आणि याचेच त्याला सर्वांत जास्त वाईट वाटले. 'चिन्ह जेमतेम दिसेल इतपत ब्राइटनेस ठेवा.' जेमतेम. लहानपणापासून तोंडात असलेला शब्द. परीक्षेत जेमतेम पास, पातेल्यात जेमतेम दूध. त्याने प्रबंधाच्या शेकडो पानांत तो एकदाही वापरला नव्हता. 'प्रभा' गेली, 'विरोध' मिटला, 'दृष्टिकोन' मूळपदावर आला. प्रोग्रामरने पान चढवले आणि या वेळी एकही विनोद केला नाही. ही त्याची सहानुभूती. तारीखबाईंनी मात्र आपुलकीने सांगितले की पुढच्या गेममध्ये शब्दच नाहीत, त्यामुळे करार वाढला नाही हे कविराजांनी मनाला लावून घेऊ नये.

रविवारी दुपारी त्याने बैठकीच्या खोलीतल्या टीव्हीवर 'पाताळवाट' लावली. पडदे ओढून घेतले. सासूबाई आतल्या खोलीत, काही न वाचता, नुसत्या बसल्या होत्या.

"आई, जरा येता? एक बघायचं होतं."

"मला कुठलं बघायला सांगता."

"चूक माझी होती. तिथे उंबरठा नव्हताच. मी नुसता लिहिला होता."

"नसलेला उंबरठा कशाला लिहील कुणी? माझी समजूत काढू नका, जावईबापू. तुमच्या बायकोनं सांगितलं असेल."

"आई, ऊठ गं," बायको स्वयंपाकघरातून म्हणाली. "त्यानं नोकरी घालवलीय यापायी. निदान बस तरी समोर."

सासूबाई उठल्या. नोकरी गेलेल्या जावयाला नाही म्हणणे त्यांच्या स्वभावात नव्हते. कोचावर बसल्या, जवळचा चष्मा लावला, मान मागे नेली. कविराज टीव्हीच्या बाजूला उभा राहून त्यांच्या बुबुळांकडे पाहत होता. इथे तांबडा ठिपका नव्हता, पण त्याला तो लागणारही नव्हता. बुबुळे डावीकडून उजवीकडे गेली. एकदाच. थांबली नाहीत, परतली नाहीत. अंगठ्याने स्लायडर मागे आला, थोडा पुढे गेला, किंचित मागे. कुदळीचे चिन्ह विझता विझता राहिले. सासूबाईंनी पुढचे बटण दाबले.

खाण उघडली. कंदील पेटला. सासूबाई चालू लागल्या.

कविराज वाट पाहत उभा राहिला. त्यांनी वळून काही म्हणावे, निदान डोळे टिपावेत, अशी काहीतरी व्यवस्था त्याने मनात केली होती. त्या चालतच होत्या. एका वळणावर कुणीतरी हुंकारले, त्यांनी कंदील तिकडे रोखला आणि पुटपुटल्या, "दिसतोस रे मला. चांगला दिसतोस."

"आई," शेवटी त्याला राहवेना, "ते वाक्य कसं वाटलं?"

"कुठलं वाक्य?"

"उजेडाचं. आत्ता वाचलंत ते."

"वाचलं असेल," सासूबाई पडद्यावरून नजर न काढता म्हणाल्या. "बाजूला व्हा जरा, तो डावीकडून येतोय."